अवकाशयान मुखपृष्ठावर नको, मात्रांमध्ये शोधा

मा. संपादक,
स.न.वि.वि.

विज्ञानपट आणि प्रोग्रेसिव्ह मेटल (गुंतागुंतीच्या तालांचं, जड गिटारचं रॉक) यांच्या नात्यावर आपल्या रविवार पुरवणीत आलेला लेख वाचला. या संगीताला मराठी दैनिकात अर्धं पान मिळणं काही रोजचं नाही, म्हणून आधी आभार. लेखाचा सूर मात्र असा, की हे बँडवाले चित्रपटांतून यंत्रमानव, परग्रह आणि जगबुडी उचलतात, मुखपृष्ठावर अवकाशयान छापतात आणि उरलेला सगळा गिटारचा गोंगाट असतो. आम्हा दोघांपैकी एक ध्वनिमुद्रण करतो, दुसरा ड्रम वाजवतो. दोघांनाही हे पटलं नाही. कथा उचलल्या जातात हे खरं, पण ती उसनवारी सगळ्यांत वरवरची. मोलाचं जे घेतलं गेलं ते पडद्यावरून नाही, ध्वनिपट्टीवरून घेतलं गेलं.

आधी एक दुरुस्ती. ड्रीम थिएटर या बँडच्या 'मेट्रोपोलिस' या गाण्याचं मूळ लेखात फ्रिट्झ लांगच्या 1927च्या मूकपटात दाखवलं आहे. नाव तेवढं सारखं आहे. गाणं 1992च्या 'इमेजेस अँड वर्ड्स'मधलं, आणि त्याचा पुढचा भाग म्हणून 1999मध्ये जो अख्खा अल्बम आला, त्यात संमोहनातून उलगडणारी पूर्वजन्मीच्या खुनाची गोष्ट आहे. यंत्रनगरीचा तिथे मागमूस नाही. नावावरून कुळ काढलं की असं होतं.

आता ध्वनिपट्टीकडे. सगळ्यांत ठसठशीत दाखला 1984च्या 'द टर्मिनेटर'चा. त्याचं संगीत ब्रॅड फीडेलने प्रॉफेट-10 आणि ओबरहाइम या सिंथेसायझरांवर केलं. त्याच्या हाताशी असलेली यंत्रं मिडीच्या (वाद्यांना एकमेकांशी जोडणाऱ्या पद्धतीच्या) आधीच्या पिढीतली, त्यामुळे ती एकमेकांची लय आपोआप पकडत नसत. लूप, म्हणजे पुन्हा पुन्हा फिरणारा तुकडा, हाताने बांधायची: सुरू करताना एकदा बटण, आवर्तन संपताना दुसऱ्यांदा. दुसऱ्यांदा बटण किंचित चुकीच्या क्षणी दाबलं गेलं आणि लूप अपुरी राहिली. प्रत्येक फेरीत शेवटचा तुकडा गळायचा आणि सुरुवात अंगावर आल्यासारखी यायची. फीडेलला ती अडखळती चाल आवडली, त्याने ती तशीच ठेवली. पुढे मोजल्यावर हिशेब निघाला 13 मात्रांचा: 3, 3, 3, 2, 2. तोंडाने म्हणून पाहा: तकिट तकिट तकिट तक तक. पहिल्या तीन तकिटांत कानाला वाटतं की चाल तीन-तीनची आहे. मग दोन 'तक' येतात आणि पायाखालची पायरी थोडी लवकर संपते. यंत्र चालतंय, पण त्याचा एक पाय आखूड आहे. 1991च्या दुसऱ्या भागात तीच धून सहाच्या सरळ चालीत आणली आहे. ती ऐकायला भारदस्त आहे, पण भीती कमी वाटते.

रूपक सातचा, झपताल दहाचा. नाट्यसंगीत कानावर पडत वाढलेल्या माणसाला विषम मात्रांचं भय नसतं, त्यामुळे 'तेरा मात्रा' यात आपल्या वाचकाला नवल वाटू नये. नवल आहे ते पुढे. आपल्याकडे तबला आणि गायक एकाच आवर्तनात असतात. प्रोग्रेसिव्ह मेटलमध्ये बरेचदा गिटार आणि पायाचा ड्रम 13मध्ये फिरतात, तर उजव्या हाताची झांज आणि स्नेअर (कडक आवाजाचा छोटा ड्रम) मात्र 16 मात्रांची सरळ चौपट सोडत नाहीत. दोन चक्रं एकाच वेळी, वेगवेगळ्या दातांची.

हिशेब करून पाहू. लय 120 धरली तर मिनिटाला 120 ठोके, एका ठोक्यात चार मात्रा, म्हणजे एक मात्रा 0.125 सेकंदाची. तेराचं आवर्तन 1.625 सेकंदांत संपतं, सोळाचं 2 सेकंदांत. दोघांची सम पुन्हा एकत्र यायला 208 मात्रा लागतात. तेराची 16 आवर्तनं, सोळाची 13, वेळ 26 सेकंद. गाण्यात 26 सेकंद कोणी थांबत नाही, चार किंवा आठ बारांनी (बार म्हणजे सोळा मात्रांचं एक माप) सगळ्यांना एकत्र यावंच लागतं. मग कात्री लागते. चार बार म्हणजे 64 मात्रा आणि तेराची पाच आवर्तनं म्हणजे 65. शेवटच्या आवर्तनाची एकच मात्रा उडवली की सगळे समेवर. आठ बारांची ओळ हवी असेल तर 128 मात्रांत नऊ पूर्ण आवर्तनं बसतात आणि 11 उरतात. ते 3, 3, 3, 2 असं वाजवून शेवटचा 'तक' गाळायचा. तिहाई बेतताना तबलजी जो हिशेब मनात करतो तोच हा. फरक एवढाच, की तिहाईत ऐकणाऱ्याला सम येतेय हे आधी कळतं, इथे ती कळू द्यायची नसते.

स्वीडनच्या मेशुगा या बँडने ही पद्धत टोकाला नेली. फीडेलची धून ऐकून ते या वाटेला लागले असा आमचा दावा नाही. हे साम्य आहे, वंशावळ नव्हे. पण 2005च्या 'कॅच थर्टीथ्री'साठी त्यांनी ड्रम हाताने न वाजवता संगणकावर बांधले, यावरून हे संगीत यंत्राच्या किती जवळ गेलं आहे ते दिसतं. चित्रपटाशी उघड नातं सांगतो तो अमेरिकेचा फिअर फॅक्टरी हा बँड. त्यांना कोणी प्रोग्रेसिव्ह म्हणेल, कोणी इंडस्ट्रियल. त्या वादात शिरत नाही. 1995च्या 'डीमॅन्युफॅक्चर'मागे 'टर्मिनेटर'ची प्रेरणा आहे, त्यातल्या एका गाण्याचं नावच चित्रपटातल्या शिकारी यंत्रांवरून ठेवलेलं आहे. पण नावापेक्षा महत्त्वाचं हे, की त्या अल्बममध्ये ड्रमर रेमंड हेरेरा दोन पायांनी जे वाजवतो ते गिटारवादक डिनो कझारेसच्या उजव्या हाताशी मात्रेला मात्रा जुळतं. गिटार थांबली की ड्रमही त्याच क्षणी गप्प. मशिनगनचा चाप सोडावा तसं.

हे 'गप्प' होणंच सगळ्यांत अवघड, आणि होतकरू बँड नेमके इथेच फसतात. डिस्टॉर्शनने (आवाज मुद्दाम फाडण्याच्या युक्तीने) गिटारचा हलका आवाजही फुगून मोठ्या आवाजाच्या बरोबरीला येतो. त्यामुळे तारेवर तळवा ठेवला तरी मागे फुरफुर चालू राहते आणि मात्रांमधली पोकळी भरून जाते. नॉइझ गेट (ठरावीक पातळीखालचा आवाज बंद करणारं यंत्र) लावतात सगळेच, पण तो डिस्टॉर्शननंतर लावतात. तिथे वाजलेला सूर आणि फुरफुर यांच्यात फरकच उरलेला नसतो, मग गेटने उघडायचं कधी आणि मिटायचं कधी? गिटारची स्वच्छ वायर थेट गेटच्या कळीवर (तो कधी उघडायचा हे ठरवणाऱ्या जोडणीवर) द्यावी आणि गेट डिस्टॉर्शननंतरच्या आवाजावर चालवावा. म्हणजे ऐकायचं स्वच्छ आवाजाकडे, तोंड मिटायचं घाणेरड्या आवाजाचं. मिटण्याचा वेळ 20 ते 40 मिलिसेकंद ठेवून सुरुवात करावी. त्याहून कमी केला तर टक्‌ असा कट ऐकू येतो, 100च्या पुढे गेला तर 125 मिलिसेकंदांच्या मात्रेत शांततेला जागाच उरत नाही.

दुसरी चूक ड्रमरची. गिटारचे आघात तेराचे आहेत म्हणून तो स्नेअरही तेरात हलवतो. झालं, यंत्र गेलं आणि लंगडा माणूस उरला. स्नेअर तिसऱ्या ठोक्यावर रोवून ठेवावा, झांज चौपटीत, आणि फक्त पाय गिटारमागे सोडावेत. मुद्रणाच्या सॉफ्टवेअरमध्येही प्रकल्प चार-चारचाच ठेवावा. तेराचा क्लिक (कानात वाजणारी ठोक्यांची टिकटिक) लावला की ड्रमर समेचा ठोका कळत नकळत जोरात मारतो. पाय आणि गिटार यांत 10-15 मिलिसेकंदांची फट पडली तरी दोन आघात एकमेकांत लिबलिबीत होतात, म्हणून नंतरची दुरुस्ती करायचीच तर ती पायाची करावी, हातांची नाही. हात थोडे माणसाचे राहिले तर बरं दिसतं.

आता आवाजाच्या पोताकडे. 1954च्या 'गोजिरा'मध्ये त्या अजस्र प्राण्याची डरकाळी कुठल्याही जनावराची नाही. संगीतकार अकिरा इफुकुबे यांच्या कल्पनेने डबल बेसच्या तारा सैल केल्या, चामड्याच्या हातमोज्याला राळ लावून तो तारेवरून ओढला आणि मुद्रण सावकाश वेगाने वाजवलं. राळ कशासाठी? तीच राळ सारंगिया गजाला लावतो. ती चिकटते आणि सुटते, पुन्हा चिकटते आणि सुटते. त्या झटक्यांनी तार किंचाळते. वेग निम्मा केला की सूर बरोबर एक सप्तक खाली येतो आणि किंचाळीची डरकाळी होते.

फ्रान्समधला एक बँड 1996मध्ये 'गॉडझिला' नावाने सुरू झाला, आणि कायदेशीर अडचणीमुळे 2001मध्ये त्याने मूळ जपानी उच्चार घेऊन 'गोजिरा' हे नाव लावलं. नावाची ही गोष्ट लेखात आहे. लेखात नाही ती अशी, की गिटारच्या जाड, वेढ्याच्या तारेवरून पिकची (तार छेडायच्या चकतीची) कड खरवडत नेण्याची त्यांची लकब आज जगभरचे गिटारवादक गिरवतात. कृती डरकाळीच्याच जातीची आहे. पिक आडवं नाही, तारेला काटकोनात, कडेवर उभं धरायचं. ब्रिजपाशी (तारा गिटारच्या पोटावर टेकतात तिथे) टेकवून गिटारच्या मानेकडे ओढायचं. वेढ्याच्या प्रत्येक कंगोऱ्यावर कड अडते आणि सुटते, त्यामुळे ओढण्याचा वेग वाढला की सूर चढतो. ते ताल धरून, मात्रेवर सुरू करून मात्रेवर संपवतात, म्हणून खरवड हा अपघात न वाटता रिफचाच (फिरून येणाऱ्या गिटारच्या ओळीचाच) भाग होतो. बारीक, गुळगुळीत तारेवर हे होत नाही आणि पिक मऊ असेल तर नुसतं फुसफुसतं. जाता जाता: 'गोजिरा' हा शब्द 'गोरिला' आणि 'कुजिरा', म्हणजे देवमासा, यांच्या जोडीतून आला, आणि 2005च्या 'फ्रॉम मार्स टू सिरियस'मधलं त्यांचं गाजलेलं गाणं उडत्या देवमाशांवर आहे.

स्वयंपाकघरालाही या परंपरेत मान आहे. 'टर्मिनेटर'मधला तो धातूचा घणघणाट फीडेलने बिडाचा तवा ठोकून मिळवला. 1968च्या 'प्लॅनेट ऑफ द एप्स'मध्ये जेरी गोल्डस्मिथने स्टीलची पिठाची भांडी वाजवायला लावली. महागडा सॅम्पल (तयार आवाजांचा) संच विकत घेण्याआधी फडताळ उघडून पाहायला हरकत नाही. तव्याला मायक्रोफोन अगदी चिकटवू नये, एक वीतभर अंतर ठेवावं. आणि तवा हातात न धरता दोरीला टांगावा, नाहीतर नाद बोटांतच मरतो.

1982च्या 'ब्लेड रनर'मध्ये संगीतकार व्हॅन्गेलिसने वापरलेला यामाहा सीएस-80 हा सुमारे 100 किलोंचा सिंथेसायझर. त्याचं वैशिष्ट्य असं, की पट्टी दाबून झाल्यावर आणखी जोर दिला तर फक्त त्याच सुराचा रंग बदलतो, बाकीचे तसेच राहतात. शिवाय पट्ट्यांवरच्या रिबनवर बोट सरकवून मींड घेता येते. त्यावर लेक्सिकन 224 या रिव्हर्ब (घुमारा देणाऱ्या) यंत्राचं लांबलचक शेपूट. प्रोग्रेसिव्ह मेटलच्या कीबोर्डवादकांनी हा रंग मनसोक्त उचलला. लंडनच्या हेकन या बँडचा 2016चा 'अॅफिनिटी' ऐका, ऐंशीच्या दशकातला सगळा प्लॅस्टिकी झगमगाट त्यात मुद्दाम आणलेला आहे. फसतं कुठे? रिव्हर्बचं शेपूट आणि गिटारचं 'गप्प' होणं यांचं हाडवैर आहे. उपाय एकच: रिव्हर्बचा आवाज गिटारच्या आघातांनी दबेल असा बांधायचा, त्यातलं 250 हर्ट्‌झच्या खालचं सगळं काढून टाकायचं, आणि शेपूट फक्त ओळीच्या शेवटच्या सुराला जोडायचं.

खर्जाचंही तसंच. आठ तारांच्या गिटारची सर्वांत खालची तार साधारण 46 हर्ट्‌झला बोलते, मेशुगा ती अर्ध्या सुराने उतरवून 44च्या खाली नेतात. चित्रपटगृहातला खर्ज तिथेच गुरगुरत असतो. म्हणून विज्ञानपटाच्या धर्तीवर सिंथेसायझरचा अखंड खर्ज लावला की तो, बेस गिटार आणि पायाचा ड्रम एकाच खोलीत तीन भाडेकरू होतात. कोणालातरी बाहेर काढावंच लागतं. बहुतेक वेळा गिटारचीच बोळवण होते: 80 ते 100 हर्ट्‌झच्या खालचं कापतात, कारण फोनवर किंवा छोट्या स्पीकरवर 46 हर्ट्‌झ कोणाला ऐकूच येत नाही, कान त्याच्या दुपटी-तिपटीवरून मूळ सूर ओळखतो.

कथेची उसनवारी वाईट असते असं मात्र नाही. नेदरलँड्सचा आर्येन लुकासेन याचा 'स्टार वन' हा प्रकल्प तिच्यावरच उभा आहे. 2002च्या 'स्पेस मेटल'मधली बहुतेक गाणी एकेका विज्ञानपटावर: एक 'एलियन'वर, एक 'ड्यून'वर, एक 'स्टारगेट'वर. 2010च्या दुसऱ्या अल्बममध्ये 'मेट्रिक्स', 'ट्वेल्व्ह मंकीज', 'ब्लेड रनर'. 2022चा 'रेव्हेल इन टाइम' सगळा काळाशी खेळणाऱ्या कथांवर, त्यात 'टर्मिनेटर'ही आला आणि 'इंटरस्टेलर'ही. लुकासेन चित्रपटाची पटकथा सांगत बसत नाही, एका पात्राचा एक क्षण धरतो आणि त्याला गायक नेमतो. रसेल अॅलन, डेमियन विल्सन, डॅन स्वानो, फ्लोर यान्सेन असे चार वेगळ्या जातीचे आवाज पहिल्या अल्बममध्ये होते, त्यामुळे संवाद होतो, निवेदन होत नाही.

याच्या उलट ड्रीम थिएटरचा 2016चा 'द अॅस्टॉनिशिंग'. 2285 साल, जुलमी साम्राज्य, संगीत फक्त यंत्रं करतात. दोन डिस्क, 34 तुकडे, दोन तासांहून जास्त. कल्पना विज्ञानपटाची, संगीत मात्र बहुतांश वाद्यवृंद आणि पियानोच्या गोडव्यात बुडालेलं. नोमॅक्स नावाच्या उडत्या यंत्रांचे पाच छोटे गोंगाटाचे तुकडे त्यात आहेत, सगळे मिळून जेमतेम पाच मिनिटं, आणि आमच्या मते अल्बममध्ये विज्ञानपट आहे तो तेवढाच. या मतावर आम्हाला शिव्या पडतील याची कल्पना आहे.

'इंटरस्टेलर'मधल्या पाण्याच्या ग्रहावरची टिकटिक सव्वा सेकंदाला एक आहे आणि 'प्रत्येक टिकीला पृथ्वीवर एक दिवस जातो', असं आपल्या लेखात आहे. हेही मोजून घेऊ. चित्रपटात एक तास म्हणजे सात वर्षं. तासाला 2880 टिका, सात वर्षांचे 2557 दिवस. एका टिकीला एकवीस तासांच्या थोडं वर येतात. दिवस नव्हे, दिवसाला पावणेतीन तास कमी.

पुढच्या वेळी या विषयावर लिहिताना लेखकाने मुखपृष्ठांच्या चित्रांऐवजी दोन ओळींचा मात्राहिशेब छापावा, एवढी विनंती.

आपले,
दोन वाचक, पुणे

ता. क. : वाचकांपैकी कोणी 'टर्मिनेटर'ची धून जुन्या व्हीसीडीवरून किंवा कॅसेटवरून काढून गिटारवर बसवणार असेल तर एक सावधगिरी. चित्रपट सेकंदाला 24 चौकटींचा, आपल्याकडची जुनी पाल ही टीव्ही-व्हिडिओची पद्धत 25 चौकटींची. त्यामुळे पाल प्रतीत चित्रपट बहुतेकदा 4 टक्क्यांनी जलद चालवलेला असतो. 120ची लय 125 होते आणि सूर अर्ध्या सुराहून थोडा कमी चढतो. गिटार लागत नाही म्हणून खुंट्या पिळू नयेत, आधी मुद्रणाचा वेग 0.96 करून पाहावा.